एनबीए नाही, तर मग युरोपात कशाला?

न्यू जर्सीत बरीच वर्षं स्थायिक असलेल्या एका आईचं बास्केटबॉल खेळणाऱ्या मुलाबद्दल पत्र आलं आहे. एनबीए म्हणजे अमेरिकेतली या खेळाची सर्वात मोठी व्यावसायिक लीग. ओळख पटेल असे तपशील गाळून त्याचा सारांश देत आहे.

मुलगा २२ वर्षांचा, अमेरिकेतच जन्मलेला. उंची सहा फूट चार इंच, खेळतो गार्ड म्हणून, म्हणजे चेंडू हाताळत खेळ रचणाऱ्या जागेवर. डिव्हिजन वन या कॉलेज खेळांच्या सर्वोच्च श्रेणीतल्या एका फारशा नाव नसलेल्या विद्यापीठाकडून चार वर्षं खेळला, शेवटची दोन वर्षं सामना सुरू करणाऱ्या पहिल्या पाचात होता. शिक्षण डेटा अ‍ॅनालिटिक्सचं, गुण चांगले. पदवी नुकतीच मिळाली आहे आणि एका विमा कंपनीतली वर्षाला ७८ हजार डॉलरची नोकरी समोर आहे. अशात जर्मनीतल्या दुसऱ्या श्रेणीच्या लीगमधून, म्हणजे प्रो-एमधून, एका लहान गावच्या क्लबचा प्रस्ताव आला. दहा महिन्यांचा करार, महिन्याला हातात २,४०० युरो, राहायला फ्लॅट, वापरायला गाडी, येण्या-जाण्याचं तिकीट. उत्तर दहा दिवसांत हवं आहे. आई लिहितात: ‘एनबीएत जाण्याइतका तो नाही, हे त्यालाही कळतं. मग निम्म्याहून कमी पैशांत तिकडे जाऊन खेळायचं कशासाठी? हे म्हणतात, उमेदीची दोन-तीन वर्षं फुकट जातील आणि परत आल्यावर कुणी विचारणार नाही. मला रात्र-रात्र झोप नाही. त्याला कसं समजावू?’

ताई,

‘त्याला कसं समजावू’ हा तुमचा प्रश्न वाचला आणि पत्र पुन्हा वरपासून वाचायला घेतलं. त्यात यजमानांचं मत आहे, तुमची धाकधूक आहे, पुण्याच्या नणंदबाई फोनवर काय म्हणाल्या तेही आहे. मुलाचं स्वतःचं एकही वाक्य नाही. ‘त्यालाही कळतं’ एवढंच आहे, आणि तेही तुमच्या तोंडून. त्याला नेमकं काय हवंय? एक हंगाम खेळून बघायचंय, की जमेल तितकी वर्षं यातच काढायची आहेत? एनबीएची आशा मनात कुठेतरी शिल्लक आहे, की खेळाचे पैसे मिळतायत हेच त्याला पुरेसं वाटतंय? प्रत्येक उत्तरानुसार पुढचा सल्ला बदलतो. म्हणून समजावणं तूर्त बाजूला ठेवा आणि एका संध्याकाळी त्याला बोलू द्या. त्या वेळी यजमानांनी फक्त ऐकायचं, मध्येच पगाराचे आकडे काढायचे नाहीत, हे आधी ठरवून घ्या.

तुमची सगळी काळजी एका वाक्यावर उभी आहे: एनबीए नाही, तर मग कशाला. अमेरिकेत राहून असं वाटणं साहजिक आहे, कारण टीव्हीवर, बातम्यांत, मुलांच्या टी-शर्टवर तीच एक लीग दिसते. पण जरा मोजून बघा. एनबीएत ३० संघ. प्रत्येकात १५ पूर्ण कराराचे खेळाडू आणि वर तीन जण दुहेरी कराराचे, म्हणजे एनबीएत आणि तिच्या खालच्या लीगमध्येही खेळणारे. म्हणजे सगळे मिळून ५४०, आणि त्यात जगभरातून आलेले खेळाडूही धरलेले. दुसऱ्या बाजूला नुसत्या डिव्हिजन वनमध्ये साडेतीनशेहून अधिक विद्यापीठं, प्रत्येकाकडे डझनावर मुलं. ड्राफ्टमध्ये, म्हणजे एनबीए संघ नवे खेळाडू निवडतात तेव्हा, दर वर्षी जास्तीत जास्त ६० नावं पुकारली जातात. बाकीच्या हजारो मुलांना ‘कमी पडले’ म्हणायचं असेल तर म्हणा, पण मग तुमच्या कंपनीत मुख्याधिकारी न झालेल्या प्रत्येकाला तेच म्हणावं लागेल. एनबीएच्या खालची जी-लीग अमेरिकेतच आहे. तिथे हंगामाचा पगार ४०-४५ हजार डॉलरच्या आसपास.

युरोपातलं बास्केटबॉल ही एनबीएची खालची पायरी नाही, ते स्वतंत्र विश्व आहे. आपल्याकडे फुटबॉलमुळे माहीत असलेल्या रिआल माद्रिद आणि बार्सिलोना या क्लबांचे बास्केटबॉल संघही युरोपातल्या बड्या संघांत मोडतात. ग्रीसमध्ये ऑलिंपियाकोस-पनाथिनाइकोस सामन्याला अथेन्स शहराचे दोन भाग पडतात. त्याखाली बऱ्याच देशांत पगार देणाऱ्या दोन-दोन, तीन-तीन श्रेणी आहेत. गुणतक्त्यात वर राहिलेला संघ वरच्या श्रेणीत चढतो, तळाचा खाली उतरतो. अमेरिकी मुलाला ही पद्धत नवी असते आणि तिचा परिणाम थेट त्याच्या पोटावर होतो, कारण संघ घसरला की करारही घसरतो. या सगळ्या श्रेणींत अमेरिकी खेळाडू भरलेले आहेत. त्यांच्यासाठी ती रोजची नोकरी आहे.

आपल्याला क्रिकेट कळतं म्हणून एक आठवण देते. इंग्लंडच्या लँकेशायर लीगमधल्या छोट्या गावांचे क्लब एकेक पगारी परदेशी खेळाडू ठेवायचे. विनू मांकड १९५२ मध्ये हॅसलिंग्डनशी असेच करारबद्ध होते आणि तिथूनच त्यांना लॉर्ड्सच्या कसोटीसाठी बोलावून घ्यावं लागलं. त्या कसोटीत त्यांनी ७२ आणि १८४ धावा काढल्या, पाच बळीही घेतले. ‘हॅसलिंग्डनला खेळतो म्हणजे वाया गेला’ असं त्यांच्याबद्दल कुणी म्हटलं नसतं.

आता तुमच्याच राज्यातला एक मुलगा. काइल हाइन्स, न्यू जर्सीतल्या सिकलरव्हिलचा. ग्रीन्सबरोच्या नॉर्थ कॅरोलायना विद्यापीठाकडून खेळला. बास्केटबॉलमध्ये नावाजलेलं चॅपल हिल ते हे नव्हे. उंची सहा फूट सहा इंच आणि खेळायचा सेंटरच्या जागेवर, जिथे समोर सात फुटी उभे असतात. २००८ च्या ड्राफ्टमध्ये त्याचं नाव कुणी घेतलं नाही. पहिलं काम मिळालं ते इटलीच्या दुसऱ्या श्रेणीत, रोमच्या आग्नेयेला डोंगरावर वसलेल्या वेरोली नावाच्या लहानशा गावात. तिथे त्याने दोन हंगाम काढले. मग जर्मनीत बामबर्ग, तिथे लीग आणि चषक दोन्ही जिंकले. मग ऑलिंपियाकोस. युरोलीग ही युरोपातल्या क्लबांची सर्वोच्च स्पर्धा. २०१२ च्या युरोलीग अंतिम सामन्यात त्या संघाने इस्तंबूलमध्ये मॉस्कोच्या सीएसकेएला ६२-६१ असं हरवलं, पुढच्या वर्षी लंडनमध्ये रिआल माद्रिदला. मग हाइन्स सीएसकेएकडेच गेला आणि २०१६ आणि २०१९ मध्ये पुन्हा विजेता झाला. शेवटची चार वर्षं मिलानमध्ये खेळून २०२४ मध्ये निवृत्त झाला. युरोलीगची चार विजेतेपदं, सर्वोत्तम बचावपटूचा मान तीनदा, आणि एनबीएत एकही सामना नाही. त्याच्या कारकिर्दीला अपूर्ण म्हणायचं धाडस मला होणार नाही.

पण हाइन्सचं नाव घेऊन मी तुम्हाला भुलवत नाहीये. तसे अगदी थोडे असतात. दुसऱ्या श्रेणीतून सुरुवात करणारी बहुतेक मुलं काही हंगाम खेळतात, दोन-चार देश बघतात आणि पंचविशी-तिशीच्या दरम्यान दुसऱ्या कामाला लागतात. पी. जे. टकरसारखे परत एनबीएत पोहोचणारे त्याहून विरळ. त्याला २००६ मध्ये टोरांटोने निवडलं आणि लवकरच सोडून दिलं. पुढची पाच वर्षं तो इस्रायल, युक्रेन, ग्रीस, जर्मनीत खेळला. २०१२ मध्ये परतला आणि २०२१ मध्ये मिलवॉकीबरोबर एनबीए विजेता झाला. ही उदाहरणं शक्यता दाखवतात. तुमच्या मुलाचं काय होईल, हे त्यातून कळत नाही. म्हणून निर्णय घेताना साधा, मधला रस्ता डोळ्यांसमोर ठेवा: दोन ते चार वर्षं, मध्यम पगार, थोडी शिल्लक, भरपूर अनुभव. एवढंच मिळालं तरी जावंसं वाटतंय का, हे त्याला विचारा. उत्तर ‘हो’ आलं तर त्याच्या जाण्याला अर्थ आहे.

यजमानांच्या ‘फुकट गेलेल्या वर्षां’बद्दल बोलायला हवं. न्यू जर्सीतल्या माणसाला बिल ब्रॅडली हे नाव माहीत असणार. १९७९ ते १९९७ ते तुमच्या राज्याचे सिनेटर होते. तेच ब्रॅडली १९६५ मध्ये प्रिन्स्टनमधून पदवी घेऊन ऱ्होड्स शिष्यवृत्तीवर ऑक्सफर्डला गेले, तिथून मिलानला जाऊन युरोपीय चषकाचे सामने खेळले आणि १९६६ मध्ये मिलानबरोबर तो चषक जिंकले. नंतर न्यूयॉर्क निक्सकडून दोनदा एनबीए विजेते झाले, मग राजकारणात गेले. मिलानचं ते वर्ष त्यांच्या आयुष्यातून वजा करावं असं कुणालाच वाटणार नाही. तुमच्या मुलाची डेटाची पदवीही हवेत विरून जात नाही. आज बहुतेक क्लबांना सामन्यांचे आकडे बघणारा, व्हिडिओ कापणारा माणूस हवा असतो. क्लबची आणि त्याची इच्छा असेल तर हंगामातच ते काम शिकता येईल. आणि मुलाखतीत ‘परक्या देशात, परक्या भाषेच्या प्रशिक्षकाखाली हंगाम काढला’ हे सांगणारा उमेदवार रिकामा वाटत नाही.

हे झालं ‘का’ याबद्दल. खरी काळजी घ्यायची ती ‘कसं’ याची, आणि तुमच्या पत्रात त्याबद्दल काहीच नाही.

प्रो-एमध्ये मैदानावर कायम किमान दोन जर्मन खेळाडू असावे लागतात. त्यामुळे संघात परदेशी जागा मोजक्या आणि त्यांच्यावर भार मोठा. गुण काढायचे ते परदेशी गार्डने, शेवटच्या मिनिटाला चेंडू त्याच्याच हातात. लागोपाठ तीन-चार सामने गेले की क्लबला पहिली आठवण त्याचीच होते. सुरुवातीला खेळही अडखळतो. तीन गुणांची रेषा कॉलेजसारखीच ६.७५ मीटरवर आहे, ती अडचण नाही. पण हल्ल्यासाठी ३० ऐवजी २४ सेकंद मिळतात, आणि ड्रिबल, म्हणजे चेंडू आपटत नेणं, सुरू करताना जमिनीवर टेकवलेला आधाराचा पाय उचलायच्या आधी चेंडू हातातून सुटलेला लागतो. अमेरिकेत चालून जातं ते तिथे चालत नाही. पहिल्या काही आठवड्यांत शिट्टीवर शिट्टी वाजते आणि मुलगा गोंधळतो. हे त्याला आत्ताच सांगा. आजपासून सराव करता येईल.

एकटेपणाचं तुम्ही मला न सांगताही कळलं, कारण तुमची झोप त्यानेच उडाली आहे. लहान जर्मन गावातला रविवार डोळ्यांसमोर आणा. शनिवारी रात्री सामना हरला, याचे गुण सहा. सकाळी उठला तर बाहेर थंडी आणि दुकानं बंद. जर्मनीत रविवारी किराणा दुकानंसुद्धा उघडत नाहीत. फ्रिजमध्ये दूध नाही. संघातले जर्मन सोबती आपापल्या घरी जेवायला गेलेले. फोन करावा तर न्यू जर्सी सहा तास मागे, तुम्ही सगळे झोपलेले. अशा सकाळी पुष्कळ येतील. तो दुपारपर्यंत थांबून तुम्हाला फोन करेल, तेव्हा ‘तरी सांगत होते’ हे शब्द तुमच्या तोंडून निघणार नाहीत एवढी तयारी तुमची हवी. त्याची तयारी वेगळी: पहिल्याच महिन्यात जर्मनचा वर्ग लावणं, क्लबच्या लहान मुलांच्या सरावाला हात लावणं, आठवड्यातून एकदा कुणाला तरी जेवायला बोलावणं. जी मुलं हे करतात ती टिकतात. जी सरावाहून येऊन थेट व्हिडिओ गेम लावतात ती डिसेंबरात परतीचं तिकीट शोधू लागतात.

रंगाबद्दलही सांगते, कारण आया हा प्रश्न मनात ठेवतात आणि विचारत नाहीत. भारतीय चेहऱ्याचा अमेरिकी बास्केटबॉलपटू तिथल्या लोकांनी क्वचितच पाहिलेला असतो. बहुतेकांच्या नजरेत कुतूहल असेल. पण युरोपातल्या मैदानांवर वर्णद्वेषी शेरे ऐकू येण्याचे प्रकार घडलेले आहेत, आणि त्याच्याही वाट्याला एखादा येऊ शकतो. असं झालं तर त्याच दिवशी संघ व्यवस्थापकाला लेखी कळवायचं, गिळून बसायचं नाही, हे घरातून निघतानाच ठरलेलं असू द्या.

आता करार. हे काम यजमानांकडे द्या. त्यांना या प्रस्तावाबद्दल शंका आहेत, म्हणून तेच तो सगळ्यात बारकाईने वाचतील, आणि मुलालाही वाटेल की बाबा विरोधात उभे नाहीत, सोबत आहेत.

सगळ्यात आधी एजंट. त्याच्याकडे फिबाचा, म्हणजे बास्केटबॉलच्या जागतिक संघटनेचा, परवाना हवा; परवानाधारकांची यादी फिबाच्या संकेतस्थळावर असते, तिथे नाव शोधा. रूढ पद्धत अशी की एजंटचं मानधन, साधारण दहा टक्के, क्लब वेगळं देतो. तुमच्याकडून आगाऊ पैसे मागणारा, किंवा ‘युरोपात ट्रायलसाठी या, इतके डॉलर भरा’ म्हणणारा कुणी असेल तर तिथेच नमस्कार करा.

मग आकडा. २,४०० युरो ‘हातात’ असं तुम्ही लिहिलंय. करारातही कर आणि विम्याचे हप्ते वजा जाता तेवढेच, असं स्पष्ट लिहिलेलं असलं पाहिजे. जर्मनीत परदेशी व्यावसायिक खेळाडूला कामाचा परवाना मिळण्यासाठी पगाराची किमान अट आहे. पेन्शन विम्याच्या वर्गणीसाठी जी कमाल पगारमर्यादा धरतात, तिच्या निम्मा तरी एकूण पगार असावा लागतो. २०२५ साठी तो महिना ४,०२५ युरो होता. त्यामुळे क्लबकडून एकूण पगाराचा आकडा मागा आणि तो या अटीत बसतो का ते बघा. बसत नसेल तर परवाना अडेल आणि मुलगा बाकावर बसून राहील. परवान्याचे कागद कोण करणार आणि त्याचा खर्च कुणाचा, हेही करारात यायला हवं.

पुढचं कलम महत्त्वाचं: पगार पूर्ण हमीचा आहे का? तिथे पोहोचल्यावर वैद्यकीय तपासणी होते. ती पार पडल्यावर करार पक्का, असं असावं. ‘पहिले काही आठवडे चाचणी, नाही पटलं तर परत’ अशी ओळ असेल तर ती काढून घ्या, किंवा त्या मुदतीचा पगार आणि परतीचं तिकीट तरी लिहून घ्या. पगाराची तारीख हवी. तो ठरावीक दिवसांपेक्षा जास्त उशिरा झाला तर खेळाडूला काम थांबवता येईल, उरलेल्या पैशांवरचा हक्क न सोडता दुसरीकडे जाता येईल आणि क्लब त्याच्या बदलीची कागदपत्रं अडवणार नाही, असं कलम हवं. पगार रखडणं हा या धंद्यातला जुना रोग आहे. जर्मनी त्यात बऱ्यापैकी शिस्तीची, पण पुढचा करार कदाचित दुसऱ्याच देशातला असेल, म्हणून सवय आत्तापासून लावा.

भांडण झालं तर जायचं कुठे? फिबाने २००७ मध्ये यासाठी एक लवाद सुरू केला. आज तो बास्केटबॉल लवाद न्यायाधिकरण, थोडक्यात बॅट, म्हणून ओळखला जातो. पीठ जिनिव्हात, कामकाज इंग्रजीत, निकाल न्याय्य काय हे बघून दिला जातो, आणि निकाल न पाळणाऱ्या क्लबवर नवे खेळाडू नोंदवायला बंदी येऊ शकते. मात्र करारात बॅटचं कलम लिहिलेलं असेल तरच तिथे दाद मागता येते. ते नसेल तर जर्मन कामगार न्यायालय आहेच, पण तिथे स्थानिक वकिलाची मदत घेतलेली बरी. आणि एक सावधगिरी: हंगामाच्या मध्यावर ‘आपसात करार संपवू या, इथे सही कर’ म्हणून कागद पुढे येतो. दमलेला, घराची आठवण काढणारा मुलगा सही करून मोकळा होतो आणि उरलेले महिने गमावतो. एजंटला आणि वकिलाला दाखवल्याशिवाय असल्या कागदाला हात लावायचा नाही.

दुखापतीबद्दल तुलनेने निश्चिंत राहा. जर्मनीत पगारी खेळाडू हा कामगारच. आजारपणात सहा आठवडे पगार चालू राहतो आणि खेळताना झालेली दुखापत कामावरच्या अपघातासारखी धरून व्हीबीजी ही अपघात विमा संस्था उपचार करते. क्लबने नोंदणी केल्याचा पुरावा मात्र मागा. खरी फट उन्हाळ्यात पडते: करार जूनच्या आसपास संपतो, मुलगा अमेरिकेत परततो आणि तिथे विमा नसतो. २६ वर्षांपर्यंत तो तुमच्या आरोग्य विम्यावर राहू शकतो, त्याचं नाव काढू नका. करांचंही लक्षात ठेवा. अमेरिकी नागरिकाने जगात कुठेही कमावलं तरी अमेरिकेत विवरणपत्र भरावंच लागतं, आणि परदेशी खात्यांत मिळून दहा हजार डॉलरच्या वर रक्कम गेली की त्याची वेगळी माहिती द्यावी लागते.

फ्लॅट एकट्याचा की सहखेळाडूबरोबर, वीज-हीटिंगचं बिल कुणाचं, गाडी दोघांत एक की स्वतःची, हे प्रश्न क्षुल्लक वाटतील. पण मुलांची खरी चिडचिड यावरूनच होते. आणखी एक कलम मागून बघा: वरच्या श्रेणीतल्या क्लबने बोलावलं तर किती रक्कम भरून करार सोडता येईल. गार्ड चांगला खेळला तर एका हंगामात वर जाऊ शकतो. तेव्हा हे कलम उपयोगी पडतं.

पैशांचा हिशेब तुम्ही ७८ हजार डॉलर विरुद्ध २४ हजार युरो असा मांडलाय. त्यात घरभाडं, गाडी धरलेली नाही. न्यू जर्सीत वेगळं राहिला तर पगारातला मोठा भाग तिथेच जाईल. तरीही नोकरीतच जास्त पैसे आहेत, यात वाद नाही. शैक्षणिक कर्ज असेल तर गणित आणखी बदलतं. पत्रात तुम्ही त्याचा उल्लेख केलेला नाही. मोठा हप्ता असेल आणि तो तुमच्या निवृत्तीच्या पैशांतून जाणार असेल, तर मी मुलाला स्पष्ट सांगेन की एवढ्या पगारात हप्ता कसा भरणार ते आधी कागदावर मांड. आईवडिलांच्या म्हातारपणावर कुणाचा खेळ चालू नये.

कर्ज नसेल किंवा झेपण्यासारखं असेल, तर माझं मत जाऊ द्या असंच आहे, पण मुदत ठरवून. एक हंगाम खेळायचा आणि पुढच्या जूनमध्ये तिघांनी बसून तीन गोष्टी बघायच्या. पुढचा प्रस्ताव वरच्या श्रेणीतून किंवा चांगल्या पैशांचा आला का? शरीर ठीक आहे का? आणि सकाळी सरावाला जावंसं वाटतं का? तिन्हींना ‘हो’ असेल तर दुसरं वर्ष. दोन हंगामांनंतर त्याच श्रेणीत, त्याच पगारावर असेल तर त्याला स्वतःलाच उत्तर दिसेल. बाविसाव्या वर्षी न खेळलेलं बास्केटबॉल तिशीत खेळता येत नाही. डेटाचं काम तेव्हाही मिळू शकेल, कदाचित थोड्या खालच्या पायरीवरून. ही किंमत खरी आहे आणि ती त्याने समजून-उमजून मोजावी.

विमा कंपनीला नकार कळवण्याआधी रुजू होण्याची तारीख वर्षभर पुढे ढकलता येईल का, हे विचारायला सांगा. काही कंपन्या मान्य करतात, काही नाही. मान्य केलं तर ईमेलवर घ्या. हा फोन त्यानेच करायचा. बाबांनी नाही, तुम्ही तर नाहीच.

खाण्याचं विचारलंत म्हणून: कुकर, मसाल्याचा डबा, डाळी खुशाल द्या. तूप देऊ नका, युरोपीय संघाबाहेरून दुधाचे पदार्थ सामानातून नेऊ देत नाहीत. तिथे उत्तम लोणी मिळतं, कढवायला शिकवा.

दहा दिवसांची मुदत कमी आहे, पण वाटते तितकी कडकही नसते. वर्क परमिटची माहिती आणि कराराचा मसुदा मिळाल्यावर आठवडाभरात उत्तर देतो, असं एजंटमार्फत लेखी कळवा. खरोखर हवा असलेला खेळाडू क्लब एवढ्यावरून सोडत नाही. मधल्या काळात गेल्या हंगामात त्याच क्लबकडून खेळलेल्या अमेरिकी खेळाडूला गाठायचं. जुन्या संघाच्या यादीत नावं सापडतात आणि ही मुलं इन्स्टाग्रामवर एकमेकांना बिनधास्त विचारतात. पगार दर महिन्याला वेळेवर आला का, प्रशिक्षक तोच आहे का, गुडघा दुखला तेव्हा डॉक्टरकडे कोण घेऊन गेलं, फ्लॅटमध्ये हिवाळ्यात हीटर चालतो का, आणि तू पुन्हा तिथे जाशील का. बोलताना तुमचा मुलगा स्पीकर लावायला तयार असेल तर तुम्हीही शेजारी बसा, आणि तो तयार नसेल तर चहा करून ठेवा, फोन झाल्यावर तोच येऊन सांगेल.